पापडाच्या डब्यातलं अरबेस्क

आमच्या घरात तुर्की गाण्यांचा संग्रह आहे असं सांगितलं की पुण्यातले लोक दोनपैकी एक प्रश्न विचारतात. ज्यांना संगीतातलं कळतं ते विचारतात, "सूफी का?" आणि ज्यांना कळत नाही ते विचारतात, "का?" दुसरा प्रश्न जास्त प्रामाणिक आहे. पहिल्याला मी "नाही, रडकं" असं उत्तर देते आणि विषय तिथेच मिटतो. रडकं ऐकायला आपल्याकडे निदान एखाद्या रागाचं नाव तरी लागतं.

या प्रकाराला अरबेस्क म्हणतात. तुर्कस्तानात खेड्यातली माणसं पोटासाठी मोठ्या शहरांत आली, शहराच्या कडेला राहिली आणि तिथे त्यांचं म्हणून जे संगीत तयार झालं ते हे. लांब दांड्याचं तंतुवाद्य, मागे व्हायोलिनांचा ताफा, आणि पुढे एक मिशीवाला पुरुष, ज्याच्या आयुष्यात आजवर काहीही बरं घडलेलं नाही. नशीब फुटकं, गाव लांब, आणि ती दुसऱ्याच्या घरी. मिनीबसचे ड्रायव्हर ते ऐकायचे. तिकडच्या सरकारी रेडिओनं ते बरीच वर्षं दाराबाहेर ठेवलं, कारण सुशिक्षित कानांना ते हलकं वाटायचं. हे वाचलं तेव्हा मला त्या देशाबद्दल पहिल्यांदा आपुलकी वाटली. म्हणजे सदाशिव पेठ तिकडेही आहे तर.

हा ऐवज घरात आणला माझ्या सासऱ्यांनी. तरुणपणी ते लिबियात सर्वेअर होते. वाळवंटातून पाण्याचे अजस्र पाइप टाकायचं काम होतं आणि कामावर निम्मे लोक तुर्की होते. छावणीतल्या पत्र्याच्या खोलीत त्यांच्याबरोबर एक तुर्की क्रेन ऑपरेटर राहायचा. दोघांना मिळून एकही भाषा येत नव्हती. सासरे म्हणतात, त्यामुळेच भांडणं झाली नाहीत. तो यांना "आबी" म्हणायचा, म्हणजे दादा. त्याच्याकडे ढीगभर कॅसेटी होत्या. संध्याकाळी दुसरा उद्योग नसल्यामुळे माझ्या सासऱ्यांना त्या ऐकाव्या लागल्या, मग सवय झाली आणि पुढे व्यसन लागलं.

त्या काळी परदेशातून परत येणारा माणूस सोनं आणायचा आणि टू-इन-वन आणायचा. सासऱ्यांनी टू-इन-वन आणला. सोन्याच्या जागी मात्र ट्रंकभर तुर्की कॅसेटी आणल्या. सासूबाईंनी ही गोष्ट त्यांना विसरू दिली नाही. शनिवार पेठेतल्या दोन खोल्यांत कॅसेट लागली की त्या स्वयंपाकघरातून म्हणायच्या, "कोण गेलं?" ती बंद होईपर्यंत विचारत राहायच्या. पुढे आम्ही धायरीला फ्लॅट घेतला आणि ट्रंक माळ्यावर गेली. वाळवंटात माणसांना पाणी पोहोचवून आलेला हा गृहस्थ आता रोज सकाळी टँकर आला का हे बघायला गॅलरीत उभा राहतो. याला नियती म्हणायचं की महानगरपालिका, हे मला सांगता येणार नाही.

सासूबाई गेल्यानंतर काही वर्षांनी मी माळा साफ करायला घेतला. टाकायच्या ढिगात ट्रंक ओढली आणि उघडली, तर कॅसेटींवर पांढरी बुरशी. मी आयुष्यभर एका कारखान्यात क्वालिटी कंट्रोलमध्ये काम केलं. मोजमापाची यंत्रं बनवायचो आम्ही. नादुरुस्त वस्तू समोर आली की ती एकतर दुरुस्त करायची किंवा बाद म्हणून शिक्का मारायचा, मधलं काही मला जमत नाही. या संग्रहाची सुरुवात ही अशी झाली. लोकांना वाटतं मला संगीताची ओढ असेल. तसं काही नव्हतं. बुरशी होती.

जुन्या बाजारातून एक बंद पडलेला डेक आणला. बेल्ट बदलले, टेप वाचणारं हेड स्पिरिटनं पुसलं, कॅसेटींच्या आतले फेल्टचे गळून पडलेले तुकडे चिमट्यानं परत बसवले. बुरशी पुसायची, टेप एकदा पुढे एकदा मागे फिरवायची, मग डेकमधून कंप्युटरवर उतरवून घ्यायची. मूळ कॅसेट कोरडी राहावी म्हणून सासूबाईंच्या पापडाच्या स्टीलच्या डब्यात ठेवायची. त्या डब्यांची झाकणं अशी घट्ट की पावसाळ्यात त्यातला पापड कुरकुरीत राहायचा, मग तुर्की माणसाला काय होणार आहे? ओल शोषणाऱ्या पुड्या मी सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर मागितल्या: बुटांच्या खोक्यातल्या, औषधांच्या बाटल्यांतल्या, फेकू नका, मला द्या. एकीनं विचारलं, "कशासाठी?" मी खरं ते लिहिलं. मग एकानं पार्किंगचा विषय काढला.

माझा नवरा या कामात तत्त्वतः सामील आहे. म्हणजे दार अर्धवट उघडून "अजून चालूच का?" असं विचारतो आणि चहा घेऊन जातो. माझा.

कामाच्या ओघात इंटरनेटवर या गाण्यांच्या संग्राहकांचा एक गट सापडला. त्यातला एक जण मला नियमित लिहू लागला. जर्मनीत राहणारा, जन्मानं तुर्की, ट्राम चालवून निवृत्त झालेला. घरात म्हणे कॅसेटींमुळे पलंग ठेवायला जागा नाही. तो तुर्कीत लिहायचा, मोबाइल त्याचं मराठी करायचा आणि ते माझ्याकडे आदरणीय भगिनी म्हणून यायचं. मी तोवर उतरवलेल्या सगळ्या कॅसेटींच्या कव्हरांचे फोटो पाठवले. त्यानं कळवलं, यातली प्रत्येक आमच्याकडे आहे, तुमच्या जरा जास्त स्वच्छ आहेत इतकंच.

हे प्रमाणपत्र मी सासऱ्यांना वाचून दाखवलं.

"स्वच्छ असणारच," ते म्हणाले. "वाजवू कुणी दिल्या?"

तोपर्यंत त्यांना प्रत्येक वाक्य दुसऱ्यांदा मोठ्यानं सांगावं लागत होतं. म्हणून कानाच्या डॉक्टरांकडे नेलं. डॉक्टरांनी तपासून सांगितलं, उजवा कान जवळजवळ गेला आहे, डावा त्याच वाटेनं चालला आहे. यंत्र लावून काही काळ भागेल, किती काळ ते सांगता येणार नाही. सासऱ्यांनी ते नीट ऐकलं. गैरसोयीचं ते त्यांना पहिल्या फटक्यात ऐकू येतं.

परतताना सिंहगड रस्त्यावर नेहमीप्रमाणे गाडी उभी होती. रविवार होता, सगळं पुणं खडकवासल्याला कणीस खायला निघालं होतं. जणू कणीस शहरात मिळतच नाही. सासरे काचेबाहेर बघत म्हणाले, "त्याची कॅसेट काढ."

"कुणाची?"

"क्रेनवाल्याची. त्यानं स्वतः गायलेली. खोलीत बसून टू-इन-वनवर भरली होती आम्ही. मी निघायच्या आदल्या संध्याकाळी."

"एवढ्या कॅसेटी उतरवल्या, हिच्याबद्दल कधी बोलला नाहीत ते?"

"तू क्रमानं चालली होतीस. म्हटलं, येईल तिचा नंबर." मग म्हणाले, "ती एकदा शेवटपर्यंत ऐकून घेतो. मग नाही आलं काही ऐकू तरी चालेल. तसंही तुम्ही लोक ऐकण्यासारखं फार काही बोलत नाही."

घरी येऊन मी ट्रंक उपसली. तळाला एक डबी सापडली, तिच्यावर सासऱ्यांच्या अक्षरात लिहिलं होतं, "क्रेन". उघडली. आत फाडफाड इंग्रजी बोलायला शिकवणारी कॅसेट होती.

"तुझ्या सासूच्या मंडळात गेली असणार," सासरे म्हणाले.

सासूबाईंचं शनिवार पेठेत भजनी मंडळ होतं आणि मंडळाची एक पद्धत होती. नवीन भजनाची चाल पक्की झाली की ती टू-इन-वनवर भरायची आणि ती कॅसेट घरोघर फिरायची. ज्या बाईच्या गळ्यात चाल लवकर बसेल तिच्याकडे ती दोन दिवस, जिच्या बसणार नाही तिच्याकडे महिनाभर. सगळ्यांत शेवटी ती पेटी वाजवणाऱ्या काकूंकडे जायची, कारण पेटी काय, सगळ्यांच्या चुकांमागून फिरते. मंडळातल्या आता दोघीच उरल्या आहेत. एक मुलीकडे अमेरिकेत आहेत आणि दुसऱ्या या पेटीवाल्या काकू.

मी शनिवार पेठेत गेले. काकूंची जुनी इमारत पाडून तिथे लिफ्टची इमारत झाली आहे. तिसऱ्या मजल्यावर दार काकूंनीच उघडलं. साखळी न काढता.

"कोण?"

मी नातं सांगितलं.

"अगोबाई, तू होय. जाड झालीस. ये." साखळी निघाली. "चहा घेणार नसशीलच."

"नको, काकू. एक कॅसेट न्यायला आलेय. आईंची. मंडळाची."

"सासू जाऊन इतकी वर्षं झाली आणि आज आठवण आली का? तेव्हाच आली असतीस तर तिची निळी सतरंजीपण दिली असती." काकूंनी दाराकडे बोट दाखवलं. "आता तिच्यावरच पाय पुसून आत आलीस."

कॅसेट त्यांना लगेच सापडली. देवघराखालच्या खणात एकटीच होती, प्लास्टिकच्या पिशवीत, पिशवीला रबरबँड. मी काकूंना सांगितलं, मुळात ही कॅसेट बाबांची, यात त्यांच्या तुर्की मित्राचं गाणं होतं.

"माहितीये," काकू म्हणाल्या.

"माहितीये?"

"म्हणजे काय! आम्ही सगळ्यांनी ऐकलं होतं आधी. तुझी सासू काही आंधळेपणानं पुसणारी नव्हती. नव्या कोऱ्या कॅसेटी सारख्या कोण आणणार? तेव्हा तुझ्या सासऱ्यांच्याच ट्रंकेतली एक घ्यायची ठरली. पण ती म्हणाली, छापील कव्हर असलेल्याला हात लावायचा नाही. विकतची वस्तू आहे, नवऱ्याची असली म्हणून काय झालं, वस्तू ती वस्तू. बिनकव्हराची एकच निघाली. ती लावून बघितली तर एक माणूस आधी खाकरतोय, मग काहीतरी तुणतुणं लावतोय, मग गातोय. मागे भांडी वाजतायत. तुझी सासू म्हणाली, हे काही खरं गाणं नव्हे, घरात केलेलं दिसतंय. भरा याच्यावर."

मी पायपुसण्याकडे बघत उभी राहिले. वेष्टन बघून माल पास करणाऱ्या माणसांना मी नोकरीत फार झापलं आहे. जगात शेकड्यानं निघालेल्या, जर्मनीतल्या ट्रामवाल्याच्या पलंगाच्या जागी रचलेल्या कॅसेटी आमच्या घरानं मोठ्या शिस्तीनं जपल्या. आणि जिची दुसरी प्रत पृथ्वीवर नाही ती एकच पुसली. बरं, निष्काळजीपणानं पुसली असती तर बोलायला जागा होती. हे काटकसरीनं, विचारपूर्वक, सगळ्यांचं मत घेऊन झालं होतं.

"वाजवून झाली की मला मोबाइलवर दे," काकू साखळी लावता लावता म्हणाल्या. "त्यात पेटी फार छान वाजलीय माझी. तुझ्या सासूचा आवाज जरा कमी करता आला तर बघ. झाकून टाकते ती."

घरी येऊन कॅसेट साफ केली आणि लावली. टाळ, पेटी आणि त्या सगळ्यांवर सासूबाई. सासूबाई गाताना कुणाबरोबर गात नसत, पुढे असत. बाकीचं मंडळ बस चुकलेल्या माणसांसारखं मागून धावायचं. कॅसेटची दोन्ही अंगं मी शेवटपर्यंत ऐकली. तुर्की माणूस कुठेच नव्हता.

मी सासऱ्यांना जाऊन सरळ सांगितलं. असल्या गोष्टी गुळगुळीत करून सांगितल्या की दोनदा सांगाव्या लागतात.

"बाबा, ती पुसली गेलीय."

त्यांनी कानातलं यंत्र नीट बसवलं. "कुणी पुसली?"

"आईंनी. भजन भरलंय त्यावर."

"हं." त्यांनी पेपर उचलला. "मग पुसली असेल नीट. तिचं काम अर्धवट नसायचं."

पेपर त्यांनी उलटा धरलेला नव्हता, तसं काही नाही. पण संध्याकाळी मी गेले तेव्हाही तेच पान उघडं होतं आणि ते छोट्या जाहिरातींचं होतं. त्यानंतर त्यांनी कॅसेटचा विषय काढला नाही. टीव्हीचा आवाज मात्र दर आठवड्याला वाढत गेला. खालच्या मजल्यावरच्या बाई मला लिफ्टमध्ये म्हणाल्या, "तुमच्याकडच्या बातम्या आम्हालाही कळतात हल्ली. आम्ही टीव्ही बंद केलाय."

काकूंना भजन पाठवायचं कबूल केलं होतं म्हणून मी ती कॅसेट कंप्युटरवर उतरवायला घेतली. एरवी मी स्पीकरवर ऐकते. त्या दिवशी नवऱ्याची मीटिंग होती म्हणून हेडफोन लावला. दोन भजनांच्या मध्ये बायका श्वास घ्यायला थांबल्या आणि माझ्या डाव्या कानात कुणीतरी खाकरलं.

उजव्या कानात काहीच नव्हतं. मी टेप मागे घेतली. परत डावीकडेच. पुढच्या मोकळ्या जागेत एक तार वाजली, मग भजन सुरू झालं आणि सगळं बुडालं.

त्यावर डोकं चालवल्यावर उलगडा झाला. टेपरेकॉर्डर आधी जुना आवाज पुसतो आणि मग नवा भरतो. त्यासाठी आत दोन वेगवेगळी हेड असतात. आमचा टू-इन-वन एकदा भजनाच्या भरात खिडकीतून खाली, शेजाऱ्यांच्या पत्र्यावर पडला होता. त्यानंतर तो चालायचा, पण त्यावर भरलेल्या कुठल्याही गाण्यात मागे काहीतरी कुजबुज ऐकू यायची. सासूबाई म्हणायच्या, परदेशी वस्तू, करायचीच नाटकं. त्याचं पुसणारं हेड केसभर सरकलेलं होतं. टेपची एक कड त्यानं पुसलीच नव्हती. भरणारं हेड ठणठणीत असल्यामुळे त्या कडेवरही सासूबाई चढल्या होत्या, पण त्यांच्या खाली तो अजून होता. ज्या यंत्रावर त्याला भरलं त्याच यंत्रानं त्याला पुसायची टाळाटाळ केली होती. सासूबाईंच्या आयुष्यातलं हे एकमेव अर्धवट काम, आणि तेही त्यांना न विचारता झालेलं.

हे मी ट्रामवाल्याला कळवलं, नमुना पाठवला. मजुरांच्या छावणीत घरच्या घरी भरलेलं गाणं आहे म्हटल्यावर त्याला झोप लागेना असं दिसलं. लगोलग उत्तर आलं. मोबाइलनं त्याचं मराठी असं केलं होतं: "आदरणीय भगिनी, हा खजिना आहे. आपण कृपया त्या महिलांना काढून टाकावे."

ज्या बाईला माझं सगळं सासर मिळून स्वयंपाकघरातून काढू शकलं नव्हतं, तिला काढायची विनंती जर्मनीतून आली होती. पण खरं सांगायचं तर ते शक्य होतं. टू-इन-वनला माइक एकच, त्यामुळे भजन डाव्या आणि उजव्या बाजूला सारखंच भरलं गेलं होतं. तुर्की माणूस फक्त डावीकडे होता. डावीकडून उजवी बाजू वजा केली की सारखं असेल ते जातं आणि उरतो तो. शाळेतलं गणित आहे. सांगायला सोपं, करायला किचकट, कारण टेप जुनी, सुरकुतलेली, दोन्ही बाजू एका वेगानं धावत नाहीत. रोज सकाळी स्वयंपाक उरकला की मी बसायची आणि थोड्या थोड्या सासूबाई कमी करायची. नवरा दारातून विचारायचा, "काय चाललंय?" मी म्हणायची, "तुझी आई वजा करतेय." त्यानं त्या काळात चहा स्वतः करून घेतला.

घाई होती ती सासऱ्यांच्या कानाची. यंत्राचा आवाज आता शेवटच्या टोकावर होता. दाराची बेल त्यांना ऐकू येईनाशी झाली होती आणि फोनवर ते सगळ्यांना "बरं, बरं" म्हणत होते. कुणीतरी गेल्याची बातमीही त्यांनी "बरं, बरं" म्हणून घेतली. आणखी स्वच्छ करायच्या नादात राहिले असते तर गाणं लखलखीत झालं असतं आणि ऐकायला कुणी नसतं. नोकरीत मी अशी कित्येक यंत्रं पाहिली आहेत, गिऱ्हाइकानं कंटाळून दुसरीकडून घेतल्यावर परिपूर्ण झालेली. टाळांचा किणकिणाट पूर्ण जात नव्हता. जाऊ दे म्हटलं. पास.

दुपारच्या चहानंतर त्यांना खुर्चीत बसवलं, कानातलं यंत्र काढून मोठा हेडफोन लावला आणि आवाज डाव्या कानाकडे वळवला. त्याच हेडफोनला जोड लावून दुसरा मी घेतला.

खाकरणं ऐकू आलं.

"हा," सासरे म्हणाले. हेडफोन लावलेली माणसं ओरडून बोलतात तसे. "हा खाकरला. आता परत खाकरेल. मग गाईल."

तो परत खाकरला. मग तार वाजली, मागे भांडं आपटलं आणि तो गायला लागला. आवाज विहिरीच्या तळातून आल्यासारखा होता. मिशी, नशीब, लांबचं गाव, सगळं जागच्या जागी. फक्त व्हायोलिनं नव्हती. सासरे डोळे मिटून वगैरे बसले नाहीत. समोरच्या कॅलेंडरकडे बघत होते. मधे एकदा त्यांचा हात वर गेला आणि हवेत काहीतरी उचलून अलगद खाली ठेवल्यासारखा खाली आला. क्रेनसारखा. मी बघितलं नाही असं दाखवलं, त्यांनीही केलं नाही असं दाखवलं.

गाणं संपलं. मी त्यांच्या डाव्या कानावरचा हेडफोन जरा सरकवून ओरडून विचारलं, "काय म्हणतोय तो?"

"मला काय माहीत? मला तुर्की येतं का?"

"इतकी वर्षं ऐकलंत ना त्याला?"

"बायकोचं मराठी चाळीस वर्षं ऐकलं," ते म्हणाले, "कळत होतं असं वाटलं की काय तुला?" मग भुवया आवळून म्हणाले, "पण टाळ कोण वाजवतंय? लिबियात टाळ नव्हते."

"मंडळाचे आहेत. तेवढे गेले नाहीत."

"आणि ती कुठाय?"

"काढली."

"काढली म्हणजे?"

"वजा केली. गणितानं. तुमच्या मित्राचं ऐकू यावं म्हणून."

त्यांनी हेडफोन काढला, मांडीवर ठेवला आणि माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी टँकर परत पाठवला होता.

"तिला परत घाल."

"बाबा, मग तो ऐकू येणार नाही. तो फार बारीक आहे."

"त्याचं एकदा पुरं ऐकलं. ठरलं होतं तसं. आता दोघं असू देत. तो जरा वर घे, ती जरा खाली. मला कधी जमलं नाही ते, तुझ्या कंप्युटरला जमतंय का बघ."

जमलं. अर्ध्या तासाचं काम होतं. सासूबाई पुढे, तो मागे, आणि मधे पेटी. दोघांचे सूर जुळत नाहीत, तालही वेगळा. तरी काही ठिकाणी दोघं एकदम श्वास घेतात.

जर्मनीला मी दोन्ही पाठवलं. वजाबाकी केलेलं आणि जसं होतं तसं. कॅसेट मुळात काय आहे ते बघणाऱ्याला कळायला हवं, नाहीतर त्याला जतन म्हणत नाहीत, रंगरंगोटी म्हणतात. ट्रामवाल्यानं कळवलं की गटातल्या कुणालाच ते गाणं ओळखता आलं नाही, बहुधा त्या माणसानं स्वतःच केलं असावं. मी कागदावर मोठ्या अक्षरात लिहून सासऱ्यांना दाखवलं. "त्याचंच असणार," ते म्हणाले. "विकतचं इतकं वाईट नसतं." काकूंनाही त्यांची पेटी पाठवली. "सासू कमी नाही केलीस," एवढं उत्तर आलं.

मूळ कॅसेट काकूंच्या रबरबँडसकट पापडाच्या डब्यात आहे. तिला आता छापील कव्हर केलंय. उद्या कुणी काटकसर करायला निघालं तर निदान दुसरी शोधेल.

सासऱ्यांचा उजवा कान पूर्ण गेला. डाव्यानं मोठे आवाज कळतात. तरी दुपारच्या चहानंतर हेडफोन लागतो. परवा मी पाटीवर लिहून विचारलं, "काय काय ऐकू येतं?" त्यांनी थोडा वेळ लक्ष देऊन ऐकलं.

"तो गेला," म्हणाले. "हिचं मात्र स्पष्ट येतंय."

मी कंप्युटरवर तुर्की माणसाचा आवाज वर ढकलला, जाईल तितका. तरी त्यांनी मान हलवली. मग सासूबाईंचा खाली घ्यायला लागले, तर त्यांनी माझ्या हातावर पाटी आपटली.

"राहू दे," ते ओरडून म्हणाले. "तो तिच्या खाली आहे, मला माहितीये."